वऱ्हाडी बोली, रंगमंच आणि टीव्ही: बुलढाण्यातून निघालेल्या नटाची वाट

बुलढाणा शहराला रेल्वे नाही. मुंबईला जायचं तर आधी घाट उतरून मलकापूर गाठायचं आणि तिथून रात्रीची गाडी पकडायची. मलकापूर ते मुंबई अंतर सुमारे ५०० किलोमीटर. रात्री बसलं की सकाळी मुंबई. एखाद्या नटाला मात्र हेच अंतर कापायला दहा-पंधरा वर्षं लागतात. काहींचं ते कधीच कापून होत नाही.

गावातल्या मंडळात, शाळेच्या गॅदरिंगमध्ये, कॉलेजच्या युवा महोत्सवात पहिली टाळी मिळवलेली पोरं आपल्या जिल्ह्यात काही कमी नाहीत. "तू टीव्हीवर पाहिजे होता बे," असं म्हणणारे दोस्तही भरपूर. पण टीव्हीवर जायचं कसं, आधी काय करावं लागतं, कोणी केलंय, हे नीट सांगणारं माणूस सापडत नाही. म्हणून वऱ्हाड आणि शेजारच्या मराठवाड्यातून रंगमंचावरून टीव्हीपर्यंत गेलेल्या कलावंतांची ही माहिती एकत्र देत आहोत. ज्या बोलीला गावाबाहेर आपण दाबून ठेवतो, त्या बोलीचं या प्रवासात काय झालं, तेही यात आहे.

सर्वांच्या ओळखीचा चेहरा: भारत गणेशपुरे

वऱ्हाडी बोलणारा टीव्हीवरचा नट म्हटलं की आज महाराष्ट्रात कुठंही पहिलं नाव येतं ते भारत गणेशपुरे यांचं. ते अमरावती जिल्ह्याचे. म्हणजे आपल्याच पट्ट्यातले. झी मराठीवरच्या 'फू बाई फू' या कार्यक्रमातून ते घराघरांत पोहोचले. जोडीनं स्किट सादर करायचं आणि परीक्षकांसमोर लोकांना हसवायचं, असं त्या कार्यक्रमाचं स्वरूप होतं. नाटकात ज्याला आपण प्रहसन म्हणतो, त्याचाच तो छोटा अवतार. दहा-बारा मिनिटांत पात्र उभं करायचं, गोष्ट सांगायची आणि शेवटचा हशा घेऊन बाहेर पडायचं. ज्यांनी मंचावर घाम गाळलाय, त्यांनाच हे झेपतं.

त्यानंतर १८ ऑगस्ट २०१४ ला 'चला हवा येऊ द्या' सुरू झालं. निलेश साबळे, भाऊ कदम, कुशल बद्रिके, सागर कारंडे, श्रेया बुगडे आणि भारत गणेशपुरे ही मंडळी त्यात होती. 'थुकरटवाडी' हे खोटं गाव आणि त्या गावात वऱ्हाडी ठसक्यात बोलणारे गणेशपुरे. कार्यक्रम २०२४ पर्यंत चालला. हिंदी सिनेमाचे मोठमोठे कलाकार त्या मंचावर येऊन गेले आणि त्यांच्यासमोरही गणेशपुरे "कायले?", "काय करून राहिला?" असंच बोलत राहिले.

वरकरणी ही गोष्ट लहान वाटते. पण तिचं महत्त्व आपल्याकडच्या माणसाला लगेच कळेल. पुण्या-मुंबईत शिकायला गेलेला पोरगा पहिल्या महिन्यातच 'मले' सोडून 'मला' बोलायला लागतो. 'येऊन राहिलो' म्हटलं की बाजूचे हसतात, हे त्याच्या ध्यानात आलेलं असतं. गणेशपुरे यांनी नेमका तोच हशा आपल्या कामाला जुंपला. जे लपवायचं असतं, तेच त्यांनी पुढं केलं.

वऱ्हाडी म्हणजे नेमकी कोणती बोली?

अमरावती, अकोला, यवतमाळ, वाशिम आणि बुलढाणा हे पाच जिल्हे मिळून वऱ्हाड. इथं 'मला-तुला' ऐवजी 'मले-तुले' होतं. 'करतो आहे' ऐवजी 'करून राहिला' येतं. 'डोळा' चा 'डोया' होतो. मराठीतला जुना गद्यग्रंथ 'लीळाचरित्र' अमरावती जिल्ह्यातल्या रिद्धपूरला लिहिला गेला, म्हणजे या मातीत मराठी लिहिण्याची परंपरा सातशे वर्षांहून जुनी आहे. तेव्हा वऱ्हाडीला कोणी 'अशुद्ध' म्हणत असेल तर त्याला हे एवढं सांगितलं तरी पुरे.

आपल्या जिल्ह्यात तर बोलीचे दोन रंग आहेत. घाटावर चिखली, मेहकर, देऊळगाव राजा, सिंदखेड राजाकडं बोली मराठवाड्याकडं झुकते. घाटाखाली मलकापूर, नांदुरा, जळगाव जामोदकडं तिच्यात खान्देशाचा सूर मिसळतो. आणि मुस्लिम मोहल्ल्यांत तिसराच रंग. घरात उर्दू-दखनी, बाजारात वऱ्हाडी, शाळेत पुस्तकी मराठी. एकाच दिवसात तीन तऱ्हेनं बोलणारा पोरगा न शिकवताच नट होतो. फक्त आपल्याकडं हे भांडवल आहे, हे त्याला कोणी सांगितलेलं नसतं.

इथं एक गैरसमज दूर करायला हवा. 'वऱ्हाड निघालंय लंडनला' हे नाव ऐकून अनेकांना वाटतं की हे नाटक वऱ्हाडचं. तसं नाही. त्यातलं वऱ्हाड म्हणजे लग्नाचं वऱ्हाड. ते एकपात्री औरंगाबादच्या प्रा. लक्ष्मण देशपांडे यांचं आणि त्यातली बोली मराठवाड्याची. एकट्या माणसानं पन्नासहून जास्त पात्रं मंचावर उभी करायची, असा तो प्रयोग. देशपांडे यांनी तो देश-परदेशात केला आणि त्याची नोंद गिनीज बुकात झाली. लक्ष्मण देशपांडे २००९ मध्ये गेले. पुढं संदीप पाठक यांनी तो प्रयोग चालू ठेवला. ते बीड जिल्ह्यातले आणि टीव्हीवरही ओळखीचे. बोलीतलं नाटक शहरात चालणार नाही, असं म्हणणाऱ्यांना हे एकच उदाहरण बस आहे.

पहिली पायरी: गाव, कॉलेज आणि राज्य नाट्य स्पर्धा

टीव्हीवर गेलेल्या बहुतेक मराठी नटांची सुरुवात पाहिली तर ती तीन-चार ठिकाणांहूनच झालेली दिसते.

एक, गावातला मंच. भारूड, दंडार, शाहिरी, कलापथक, गणेशोत्सवातलं नाटक. इथं माईक मधेच बंद पडतो, समोर लेकरं रडतात, मागून कोणी शिट्टी मारतो. अशा गर्दीला गप्प बसवता आलं की अर्धी तालीम झाली समजा.

दोन, युवा महोत्सव. बुलढाणा जिल्ह्यातली कॉलेजं संत गाडगे बाबा अमरावती विद्यापीठाला जोडलेली आहेत. हे विद्यापीठ १ मे १९८३ ला सुरू झालं. विद्यापीठाच्या युवा महोत्सवात एकांकिका, प्रहसन, मूकाभिनय, मिमिक्री असे प्रकार असतात. इथून निवड झालेले विद्यार्थी पुढं इतर विद्यापीठांच्या संघांशी स्पर्धा करतात. खेड्यातल्या पोराला पहिल्यांदा प्रकाशयोजना, नेपथ्य, वेळेचं बंधन कळतं ते इथंच.

तीन, राज्य नाट्य स्पर्धा. हौशी नटाच्या दृष्टीनं ही सगळ्यात मोठी शाळा. ही स्पर्धा १९५४ पासून होते आणि आता महाराष्ट्र शासनाचं सांस्कृतिक कार्य संचालनालय ती घेतं. आधी वेगवेगळ्या केंद्रांवर प्राथमिक फेरी, मग अंतिम फेरी. हौशी मराठी नाटकाबरोबरच बालनाट्य, संगीत नाटक, हिंदी आणि संस्कृत नाटकांच्याही स्पर्धा आहेत. अभिनयासाठी रौप्यपदक असतं. गावाकडच्या नटाच्या घरी कपाटात ठेवलेलं ते पदक म्हणजे त्याची डिग्रीच.

लक्षात ठेवण्यासारखी एक गोष्ट. महाराष्ट्रात नाटकाचा जाहीर प्रयोग करायचा तर संहिता रंगभूमी प्रयोग परिनिरीक्षण मंडळाकडून मंजूर करून घ्यावी लागते. नवीन नाटक बसवणारे अनेक गट ऐनवेळी याच कागदासाठी अडतात. तालीम सुरू करतानाच अर्ज केलेला बरा.

पूर्व विदर्भात आणखी एक वाट आहे, झाडीपट्टीची. गडचिरोली, चंद्रपूर, गोंदिया, भंडारा या भागात दिवाळीनंतर होळीपर्यंत रात्र रात्र नाटकं चालतात. देसाईगंज (वडसा) हे त्याचं मोठं केंद्र. तिथं लोक तिकीट काढून नाटक पाहतात आणि नटाला रात्रीचे पैसे मिळतात. त्या रंगभूमीवरचे ज्येष्ठ कलावंत डॉ. परशुराम खुणे यांना २०२३ मध्ये पद्मश्री मिळाली. वऱ्हाडात असा तिकिटावर चालणारा मोठा हंगाम नाही, ही आपली अडचण. त्यामुळं इथला नट गावात राहून नाटकावर पोट भरू शकत नाही. त्याला शहर गाठावंच लागतं.

दुसरी पायरी: शहरात पाय रोवायचे तीन मार्ग

बुलढाण्याहून नागपूर लांब आणि औरंगाबाद (आताचं छत्रपती संभाजीनगर) जवळ. म्हणून आपल्याकडच्या नाटकवेड्या पोरांची नजर बरेचदा औरंगाबादकडं वळते. तिथं विद्यापीठाचा नाट्यशास्त्र विभाग आहे आणि प्रायोगिक गटांची जुनी सवय आहे.

पहिला मार्ग गटानं जाण्याचा. ऐंशीच्या दशकात औरंगाबादला 'जिगीषा' हा तरुणांचा नाट्यगट होता. लेखक प्रशांत दळवी, दिग्दर्शक चंद्रकांत कुलकर्णी, अभिनेत्री प्रतीक्षा लोणकर ही त्यातली नावं. ही मंडळी मुंबईत आली ती एकमेकांच्या आधारानं. १९९१ मध्ये दळवी-कुलकर्णी जोडीचं 'चारचौघी' आलं आणि मुंबईच्या व्यावसायिक रंगभूमीनं त्यांची दखल घेतली. त्या नाटकात प्रतीक्षा लोणकर होत्या. पुढं दूरदर्शनवर 'दामिनी' ही मराठी दैनंदिन मालिका आली आणि तिच्यातल्या पत्रकार दामिनीच्या मुख्य भूमिकेनं लोणकर यांना गावागावांत पोहोचवलं. मराठवाड्यातल्या नाट्यगटातून दैनंदिन मालिकेच्या नायिकेपर्यंतचा हा रस्ता. एकटीनं मुंबईत उतरली असती तर कदाचित इतका सोपा झाला नसता.

त्याच वर्तुळातून पुढं मकरंद अनासपुरे यांना वाट मिळाली. मराठवाडी ठसक्यात बोलणारा हा नट. चंद्रकांत कुलकर्णी यांच्याच दिग्दर्शनातल्या 'कायद्याचं बोला' (२००५) या सिनेमात ते वकील झाले आणि बोली न सोडता नायक झाले. म्हणजे ज्याच्यासोबत तुम्ही वीस वर्षांपूर्वी तालीम केली, तोच उद्या तुम्हाला काम देणारा असतो. नाटकातली दोस्ती जपायची ती यासाठी.

दुसरा मार्ग शिक्षणाचा. दिल्लीचं राष्ट्रीय नाट्य विद्यालय, पुणे विद्यापीठाचं ललित कला केंद्र, मुंबई विद्यापीठाची अकादमी ऑफ थिएटर आर्ट्स, औरंगाबादचा नाट्यशास्त्र विभाग. इथं प्रवेशासाठी परीक्षा आणि मुलाखत असते, आधी केलेली नाटकं विचारली जातात. त्यामुळं प्रत्येक प्रयोगाची पत्रिका, प्रमाणपत्र, फोटो सांभाळून ठेवायचे. आपल्याकडची पोरं नेमकं तेच करत नाहीत.

तिसरा मार्ग हातात दुसरा धंदा ठेवून जाण्याचा. नागपूरचे डॉ. गिरीश ओक आयुर्वेदाचे डॉक्टर. नाटकासाठी मुंबईला गेले, 'कुसुम मनोहर लेले' सारख्या नाटकांत गाजले, 'तो मी नव्हेच' मधल्या लखोबाची अवघड भूमिका त्यांनी नंतरच्या प्रयोगांत केली. आणि २०१९ मध्ये झी मराठीवर 'अग्गंबाई सासूबाई' आली तेव्हा त्यातले शेफ अभिजित राजे म्हणून नव्या पिढीनं त्यांना डोक्यावर घेतलं. निलेश साबळेसुद्धा आयुर्वेदाचे डॉक्टर. घरच्यांना पटवायला ही दोन उदाहरणं कामाची आहेत. "आधी शिक्षण पूर्ण कर, मग नाटक," असं अब्बा म्हणत असतील तर ते काही नाटकाचे दुश्मन नाहीत.

टीव्हीचं दार केव्हा उघडलं?

मुंबई दूरदर्शन केंद्र २ ऑक्टोबर १९७२ ला सुरू झालं. तेव्हा आणि पुढची पंचवीस वर्षं मराठी मालिकांचं एकच दार होतं. ते मुंबईत होतं आणि तिथली भाषाही मुंबई-पुण्याची होती. १५ ऑगस्ट १९९९ ला अल्फा मराठी आली, जी आजची झी मराठी. २००० मध्ये ई टीव्ही मराठी आली, जी पुढं कलर्स मराठी झाली. २००८ मध्ये स्टार प्रवाह आणि २०१८ मध्ये सोनी मराठी.

वाहिन्या वाढल्या तशी नटांची मागणी वाढली. आणि केबल, डिश गावागावांत पोहोचल्यावर वाहिन्यांनाही कळलं की प्रेक्षक फक्त दादर आणि सदाशिव पेठेत बसलेला नाही. मग २०१६ पासून बोलींना भाव आला. 'रात्रीस खेळ चाले' मालवणीत आली. 'तुझ्यात जीव रंगला' कोल्हापुरीत. 'लागिरं झालं जी' साताऱ्याकडच्या बोलीत.

आणि वऱ्हाडीत? त्याच वर्षी 'माझ्या नवऱ्याची बायको' आली. त्यातली राधिका नागपूरकडची, वऱ्हाडी वळणाचं बोलणारी. नवऱ्यानं टाकल्यावर मसाल्याचा धंदा उभा करणारी. ही मालिका २०२१ पर्यंत चालली. राधिकेची भूमिका केली अनिता दाते यांनी. त्या नाशिकच्या, पुण्याच्या ललित कला केंद्रात शिकलेल्या. त्यांनी काम उत्तम केलं, यात वाद नाही. त्यांच्यामुळं पहिल्यांदा वऱ्हाडी वळणाचं बोलणारी बाई घरोघर रोज रडली, चिडली, लढली. लोक तिला हसले नाहीत, तिच्या बाजूनं उभे राहिले.

पण थोडं थांबून पाहा. वऱ्हाडच्या स्वतःच्या नटाला टीव्हीनं बोलावलं ते हसवायला. वऱ्हाडी बोलणारी गंभीर नायिका हवी झाली तेव्हा ती नाशिकहून आली. यात कोणाचा दोष काढायचा नाही. नट कोणत्याही गावचा असो, कोणतीही बोली शिकून बोलू शकतो, तीच तर त्याची कला. प्रश्न आपल्यासमोरचा आहे. आपली बोली फक्त विनोदापुरती आहे, हे आपणच तर मान्य करून बसलो नाही ना? आपल्या गॅदरिंगमध्येही वऱ्हाडी बोलणारं पात्र कायम गडी, दारुड्या किंवा येडं असतं आणि कलेक्टर मात्र पुस्तकी मराठी बोलतो. तिथून बदल सुरू व्हायला पाहिजे.

या बाबतीत आपल्या जिल्ह्यानं एक चांगला नमुना दिलाय. बुलढाणा जिल्ह्यातले लेखक रमेश इंगळे उत्रादकर यांची 'निशाणी डावा अंगठा' ही कादंबरी. प्रौढ साक्षरता मोहिमेच्या कागदी घोड्यांवरची. हसता हसता ती सरकारी कारभाराची सालटं काढते आणि शाळामास्तराची दमछाक दाखवते. तिच्यावर त्याच नावाचा सिनेमाही झाला, दिग्दर्शक पुरुषोत्तम बेर्डे. हशा आणि गंभीरपणा एकाच बोलीत नांदू शकतात, हे त्या पुस्तकात पाहायला मिळतं. नट व्हायचंय त्यानं ते एकदा तरी मोठ्यानं वाचावं.

मुस्लिम कलावंत आणि मराठी मंच

"आपल्या लोकांना मराठी नाटकात कोण घेणार?" असं काही घरांत ऐकू येतं. इतिहास वेगळं सांगतो.

बार्शीचे शाहीर अमर शेख यांचं मूळ नाव मेहबूब हुसेन पटेल. १९१६ मध्ये जन्म, १९६९ मध्ये निधन. संयुक्त महाराष्ट्राच्या लढ्यात त्यांच्या आवाजानं मैदानं भरली. अण्णा भाऊ साठे आणि द. ना. गवाणकर यांच्यासोबत त्यांनी लाल बावटा कलापथक चालवलं.

सोलापूरच्या फैयाज या मराठी रंगभूमीवरच्या नामवंत गायिका-अभिनेत्री. पुरुषोत्तम दारव्हेकर यांचं 'कट्यार काळजात घुसली' १९६७ मध्ये आलं. दारव्हेकर नागपूरचे. त्यात खाँसाहेब आफताब हुसेन झाले पं. वसंतराव देशपांडे, ज्यांचा जन्म अकोला जिल्ह्यातल्या मूर्तिजापूरचा. आणि खाँसाहेबांच्या मुलीची, झरीनाची भूमिका फैयाज यांनी केली. म्हणजे मराठी संगीत रंगभूमीच्या या गाजलेल्या नाटकात वऱ्हाडचा ब्राह्मण घरातला गायक मुस्लिम उस्ताद झाला आणि सोलापूरची मुस्लिम मुलगी त्याची लेक झाली. २०१५ मध्ये बेळगावला झालेल्या अखिल भारतीय मराठी नाट्य संमेलनाच्या अध्यक्षपदी फैयाज होत्या.

नाटककार शफाअत खान यांची 'मुंबईचे कावळे', 'शोभायात्रा' ही नाटकं मराठीतल्या महत्त्वाच्या नाटकांत मोजली जातात. तेव्हा मंच परका नाही. टीव्ही मालिकांत मुस्लिम पात्रं कमी दिसतात आणि दिसली तरी ठरावीक साच्यातली असतात, ही तक्रार खरी आहे. पण साचा मोडायचा तर लिहिणारे आणि काम करणारे तिथं पोहोचले पाहिजेत. मोहल्ल्यातली बोली, तिथली चेष्टा, तिथलं दुःख बाहेरचा लेखक कुठून आणणार?

मंचावरचा नट कॅमेऱ्यासमोर

नाटकात शेवटच्या रांगेतल्या माणसापर्यंत आवाज पोहोचवायचा असतो. टीव्हीत माईक छातीपाशी असतो आणि कॅमेरा तोंडापुढं. तिथं मंचावरचा आवाज लावला की नट ओरडतोय असं वाटतं. भुवई जरा जास्त उचलली तरी पडद्यावर ती मोठी दिसते. म्हणून मंचावरून गेलेल्या नटाला आधी कमी करायला शिकावं लागतं.

नाटकात महिनाभर तालीम होते. मालिकेत संवादाचे कागद बरेचदा त्याच दिवशी हातात पडतात. पाठांतराची सवय इथं कामी येते आणि ती मंचच देतो. नाटकात गोष्ट सुरुवातीपासून शेवटापर्यंत सलग घडते. मालिकेत आधी मयताचा प्रसंग आणि मग लग्नाचा, असं उलटंसुलटं शूटिंग होतं. मागच्या प्रसंगात रुमाल कोणत्या हातात होता, हेसुद्धा ध्यानात ठेवावं लागतं. दिवस साधारण बारा तासांचा.

मंचाचा एक फायदा कायम राहतो. समोरच्याचं ऐकणं. नाटकात समोरचा चुकला तर सांभाळून घ्यावं लागतं, कारण 'कट' म्हणणारा कोणी नसतो. विनोदी कार्यक्रमांत जे नट टिकले, ते याच गुणावर.

पैसा, कागद आणि फसवणूक

व्यावसायिक नाटकात नटाला प्रयोगामागं पैसे मिळतात, त्याला 'नाईट' म्हणतात. मालिकेत दिवसाच्या हिशोबानं, म्हणजे 'पर डे'. पण मालिकेचे पैसे हातात यायला बरेचदा ९० दिवस लागतात. म्हणजे पहिलं काम मिळालं तरी पुढचे तीन महिने खोलीभाडं, खानावळ आणि लोकलचा पास स्वतःच्या खिशातून. तेवढी तयारी करूनच गाडीत बसायचं. कराराचा कागद पूर्ण वाचायचा. मालिका मधेच बंद पडली किंवा पात्र काढून टाकलं तर काय, हे आधी विचारायचं. त्यात लाजायचं काही कारण नाही.

आता ऑडिशन बरेचदा मोबाईलवर व्हिडिओ काढून मागवतात. लहान गावातल्या नटासाठी ही मोठी सोय आहे. साधी भिंत, समोरून उजेड, स्वच्छ आवाज आणि नीट पाठ केलेला एक उतारा, एवढं पुरतं. पण याच सोयीचा फायदा फसवणारेही घेतात. साधा नियम पाळा. काम देण्यासाठी जो आधी पैसे मागतो, तो काम देणारा नाही. रजिस्ट्रेशन, पोर्टफोलिओ, 'कार्ड बनवून देतो' अशा नावानं पैसे मागितले की फोन ठेवून द्यायचा. मुलींना एकटीनं हॉटेलवर किंवा घरी ऑडिशनला बोलावलं तर जायचं नाही. घरच्या कोणाला तरी सोबत न्यायचं किंवा तिथूनच नकार द्यायचा.

घरच्यांना काय सांगायचं?

बहुतेक घरांत विरोध कलेला नसतो, अनिश्चिततेला असतो. तो रास्त आहे. म्हणून हिशोब सरळ मांडावा. शिक्षण पूर्ण करणार. दोन-तीन वर्षं राज्य नाट्य आणि एकांकिका करणार. मग शिक्षण किंवा नोकरी धरून शहरात जाणार आणि इतकी वर्षं प्रयत्न करणार. जमलं नाही तर परत येऊन शिक्षक, लेखक, दिग्दर्शक म्हणून गावातच नाटक करणार. परत येणं म्हणजे हार नाही. गावात एक चांगला नाट्यशिक्षक असला तर पुढच्या दहा पोरांना वाट सापडते. ज्याला आपण यशस्वी नट म्हणतो, त्याच्या पाठीशी असा एखादा अनोळखी मास्तर बहुतेक वेळा असतोच.

अहमदनगरचे सदाशिव अमरापूरकर वर्षानुवर्षं रंगभूमीवर काम करत होते. 'अर्धसत्य' (१९८३) मुळे देशानं त्यांना ओळखलं आणि पुढं दूरदर्शनच्या 'भारत एक खोज' मध्ये त्यांनी महात्मा फुले साकारले. कॅमेरा त्यांच्यापर्यंत पोहोचला तेव्हा त्यांची तयारी झालेली होती. ही तयारी मुंबईत गेल्यावर करतो म्हटलं तर होत नाही. ती चिखलीच्या, खामगावच्या, लोणारच्या तालमीतच करावी लागते.

तेव्हा पुढच्या गॅदरिंगला, पुढच्या राज्य नाट्याला नाटक बसवाल तर एक करून पाहा. कलेक्टरचं, डॉक्टरचं, मास्तरीणबाईचं पात्र आपल्या बोलीत बोलू द्या. "मले समजते तुमचं दुखणं," असं डॉक्टर मंचावर म्हणाला आणि समोरचं पब्लिक हसलं नाही, गप्प बसून ऐकत राहिलं, तर समजा त्या रात्री मलकापूरच्या गाडीचं एक तिकीट पक्कं झालं.